पंच्याखाली

आण्णा हळदीच्या सौद्यात दलाल होते तेव्हा
भाव तोंडानं बोलत नसत.
खांद्यावरचा पंचा दोघांच्या हातांवर पडायचा
आणि खाली बोटं बोलायची.
हे धरलं म्हणजे शंभर, हे दाबलं म्हणजे पाव कमी.
चेहरे दोन्हीकडं अगदी कोरे,
बैल पाणी पितोय तेवढंच बघत उभे असल्यासारखे.
भोवती हमाल, काटेवाले, पन्नास माणसं,
नाकात पिवळी धूळ,
आणि भाव फक्त दोन तळव्यांना ठाऊक.

मिरजेच्या लॅबमधल्या पोरीनं विचारलं, मोबाईल नंबर?
मी सांगितला. दहा आकडे, मोठ्यानं,
रांगेत मागं कोण होतं बघितलंही नाही.
रिपोर्ट आला मंगळवारी दुपारी, मी एकटी असताना.
इंग्रजीत चार ओळी, शेवटी दोनचा आकडा.
भांडी घासली. गहू निवडले.
नवऱ्याला रविवारी सांगणार होते, जेवणं झाल्यावर.

बुधवारी विम्याच्या बाईचा फोन,
"त्रिशला चौगुले मॅडम ना?" इतक्या मायेनं
की मला वाटलं लांबची नणंद.
गुरुवारी सन्मती माझ्या मोबाईलवर गेम खेळत होता,
मधेच म्हणाला,
"आई, केसांचे टोप कुणाला हवेत गं?
सारखं तेच दाखवतंय."
सातवीतलं पोर.
मी म्हटलं, चुकून येतं ते. बंद कर.
खोटं बोलताना मी मोबाईलकडं बघत होते,
त्याच्याकडं नाही.

लॅबच्या पोरीला विचारावं, तर ती म्हणेल
फॉर्मवर सही तुमचीच आहे.
आहे.

संध्याकाळी माहेरी गेले, गावभागात.
आण्णांची वाचा गेल्याला दोन वर्षं झाली,
उजवा हात अजून चालतो.
मोबाईल आत तांदळाच्या डब्यात घातला,
झाकण लावलं, आणि त्यांच्याजवळ येऊन बसले.
हळकुंड मोडून आतला रंग बघावा
तसं त्यांनी माझ्याकडं बघितलं.
मग खांद्यावरचा पंचा ओढून
आमच्या हातांवर टाकला.

मी त्यांची दोन बोटं धरली.

चेहरा त्यांनी कोराच ठेवला, सवयीनं.
आत डब्यात काहीतरी घुं घुं करून थांबलं.
पंच्याखाली आण्णा माझं बोट दाबत होते,
पाव कमी,
आणखी पाव कमी,
सोडायलाच तयार नव्हते.