मजकूर नाही

एर्मिन लागार्द पहिल्यांदा आल्या तेव्हा
त्यांच्या नावावर तीन कादंबऱ्या होत्या
आणि बुटांना दोन वेगळ्या रंगांच्या नाड्या.
लिमोजच्या अभिलेखागारात मी नवा होतो.
खोके आणून द्यायचे, सही घ्यायची,
पेन दिसलं की हटकायचं:
इथे फक्त पेन्सिल, मादाम.

कादंबऱ्या खपल्या नाहीत, हे त्या स्वतःच सांगत,
आज मासळी ताजी नव्हती म्हणावं तितक्या सहज.
तिसरीच्या सहाशे प्रती प्रकाशकाने रद्दीत काढल्या.
एक त्यांनी डुगडुगत्या पलंगाच्या पायाखाली सरकवली.
"निदान माझी झोप तरी तिच्यावर टेकून आहे."

मग चरित्रं.
चिनीमातीच्या कपांवर सोनेरी कड ओढणारी
ओनोरीन बेसाक,
जिचं नाव एकाही कपाच्या बुडाशी नव्हतं.
नऊ वर्षं त्या तिच्या मागावर होत्या:
पगाराची वही, दवाखान्याची पावती,
घरमालकाची तक्रार, की जिन्यात टर्पेंटाइनचा वास येतो.

मी विचारलं, मेलेल्या माणसाचं इतकं कसं कळतं?
"कळत नाही हो, फोजेरा.
कादंबरीत मी कुणालाही पावसात उभं करायचे,
मनाला येईल तेव्हा.
इथे आधी वेधशाळेला विचारावं लागतं."
आणि विचारलंही.
त्या मंगळवारी पाऊस नव्हता.
एक अख्खं प्रकरण त्यांनी खोडरबराने कोरडं केलं.

फेब्रुवारीतले ओनोरीनचे अकरा दिवस मात्र सापडेनात.
कारखान्यात नाही, घरी नाही, बहिणीकडे नाही.
बाराव्या दिवशी पुन्हा तीच सही,
आणि कपांवरची कड किंचित जाड.
प्रकाशक म्हणाला, प्रियकर घाला.
नाहीतर बाळंतपण. लोकांना आवडतं.
त्यांनी एक कोरं पान घातलं.
दोन दुकानांनी प्रती सदोष म्हणून परत पाठवल्या.

त्याच पुस्तकाला पुढे बक्षीस मिळालं.
भाषणात त्या तीन वाक्यं बोलल्या,
त्यातलं एक सभागृहातल्या उकाड्याबद्दल.

आता त्यांचेच कागद आलेत, चव्वेचाळीस खोके.
निवृत्तीला आठ महिने उरलेला मी
सूची करत बसतो.
एका वर्षीच्या रोजनिशीत मार्चचे काही दिवस कोरे.
अकरा नव्हे, नऊ.
आयुष्य इतकं नेटकं जुळत नाही,
हे त्यांनीच मला शिकवलं होतं.

उद्या कुणी येईल, तरुण, पेन्सिलींना टोक काढून.
विचारेल, या नऊ दिवसांत काय घडलं?

त्या रोज इथे येत होत्या.
सकाळी नऊला, सहाव्या टेबलाशी.
एकही खोका मागितला नाही. कोट उतरवला नाही.
मागणी नाही म्हणून वहीत सही नाही,
कागदोपत्री त्या इथे नव्हत्याच.
चौथ्या दिवशी मी नियम मोडून कॉफी नेली.
त्यांनी कपाची कड बोटाने चाचपली
आणि एक वाक्य बोलल्या.

झाकली मूठ, म्हणतात.
माझी आता उघडू म्हटलं तरी उघडत नाही,
थंडीत सांधे धरतात.

सूचीत लिहितो:
रोजनिशी, एक. पानं सुस्थितीत.
तीन ते अकरा मार्च: मजकूर नाही.

पेन्सिलीने लिहितो.
नियम आहे.