मुक्काम ठावकनाय

डंडीच्या संग्रहालयात, तळघरातल्या तिसऱ्या खोलीत
माझं काम तसं सोपं:
बाटल्यांतलं स्पिरिट उडत राहतं, मी भरत राहते.
दोनशे बारा बाटल्या. दोन दिवसांत एक फळी.
वर टे नदीचा वारा, चार वाजता काळोख,
खाली बारा महिने चौदा अंश.

ल्युडोविक पिटकेर्न, सर्जन,
तागाच्या गिरणीतल्या कारकुनाचा मुलगा.
चोविसाव्या वर्षी वेंगुर्ल्याच्या बंदरात उतरला
तेव्हा पेटीत तीन सदरे
आणि गवतात गुंडाळलेल्या रिकाम्या बरण्या.
बंदुकीने डावा कान गेला,
बेडूक त्याने उजव्या कानाने ओळखले.
एका पावसाळ्यात स्पिरिट संपलं. हिशेबात नोंद आहे:
काजूची दारू, सहा बाटल्या.
पुढे बारीक अक्षरात: एक बटलरने प्यायली.

मला तो आवडतो.
जेवणाच्या सुट्टीत हे मी कुणाला सांगत नाही.

रोजनिशी वरच्या मजल्यावर असते.
अठराशे सत्त्याऐंशी, चौदा ऑगस्ट, आंबोली:
'पाऊस साडेचार इंच. बेडूक दोन, पैकी एक नर.
सकाळी जेम्सला पुरलं.'
जेम्स तीन वर्षांचा होता
हे बायकोच्या पत्रातून कळतं, ती पत्रं दुसऱ्या खोक्यात.

त्यानंतर आठवड्याने, बाटली क्रमांक एकशे सदतीस.
ना साप, ना गांडूळ.
वांग्याच्या सालीसारखी काळसर जांभळी, कुशीला पिवळी रेघ.
अंड्यांच्या घोसाला वेटोळं घालून
ती अजून तशीच बसलीय.
गावातली माणसं दुतोंडं म्हणून दगडाने ठेचतात, ती ही.
एका पोराने ओंजळीतून आणली, चिखलासकट.
हिशेबात: पोरगा, दोन आणे.
नाव नाही. नाव बटलरचंही नाही,
पण त्याने निदान एक बाटली तरी प्यायली.

साहेबाने विचारलं असेल मोडक्यातोडक्या भाषेत,
कुठे मिळाली? कुठलं गाव?
ओल्या अंगाने कुडकुडत पोरगं म्हणालं असेल,
ठावक नाय.
साहेबाने उजवा कान पुढे केला.
ठावक नाय, सायबा.
(किंवा ठावक असेलही. बापाच्या मळ्यात
आणखी साहेब नको असतील.)

त्याने ते एकेक अक्षर लावून लिहिलं.
निबंध लंडनला गेला, छापून आला,
आणि तेव्हापासून या जिवाचं लॅटिन नाव
ठावकनायेन्सिस.
म्हणजे, ठावकनाय गावची.

दोन मोहिमा निघाल्या ते गाव शोधायला.
एकीने ते घाटमाथ्यावर धरलं, दुसरीने पार कारवारकडे.
फार पुढे एका जर्मन प्राध्यापकाने लिहिलं,
बहुधा धरणाखाली गेलं असावं.
पिटकेर्न म्हातारपणी ब्रॉटी फेरीच्या घरात
हिवतापाची थंडी भरली की खिडकीशी बसायचा
आणि नकाशावर भिंग फिरवायचा, वेंगुर्ल्यापासून वर.
त्याच्या थडग्यावर आता इतकं शेवाळ आहे
की नाव वाचायला नखाने खरवडावं लागतं.
एकदा खरवडलं मी. मधलं एक अक्षर निघालंच नाही.

काल मोराग चहाचे दोन मग घेऊन खाली आली.
नवे फलक छापायचेत.
'तू त्याच बाजूची ना गं?
हे गाव नेमकं कुठे येतं?'

मी कणकवलीची.
अकरा वर्षांत इथे पहिल्यांदाच
कुणी माझ्या बोलीतलं काही तोंडात घेतलं होतं,
आणि तिला पत्ताही नव्हता.
सांगितलं असतं तर ती खूप हसली असती.
फलकावर गंमत म्हणून छापलं असतं,
शाळेच्या सहलींनी दात काढले असते,
ते पोरगं पुन्हा एकदा दोन आण्यांत गेलं असतं.

मी एकशे सदतीसचं झाकण घट्ट फिरवलं.
म्हटलं, माका ठावक नाय.

मोरागने खिशातून पेन काढलं.
'हळू सांग,' म्हणाली, 'लिहून घेते.'