ओहोळापलीकडून

सावईवेऱ्याच्या कुळागरात आमची जायफळं पाच.
चार फळायची. पाचवं
नुसतंच फुलायचं, फिकट पिवळं, घोसाघोसानं,
आणि पोफळींच्या वाट्याचं पाणी पिऊन
हात हलवत उभं राहायचं.

उमाकांतकाका म्हणाले, वांझ आहे, घाल कुऱ्हाड.
बाबल एकदाच बोलला,
"भाटकारानू, हो दादलो."
काका हसले. झाडाला कसला आलाय दादला!

त्या वर्षी फळं लागली नेहमीसारखी.
आधीचीच होती ती, पोटात,
आठ-नऊ महिने घेतं हे फळ पिकायला.
जायपत्रीची लाल जाळी सुपात पसरत
काकांनी बाबलला ऐकवून घेतलं.

पुढच्या वर्षी चारही फुलली,
आणि सकाळी खाली सडा
देठासकट, जशी उमलली तशी.
शेणखत झालं, सुकी मासळी झाली,
अनंताला नारळ बोलून झाला.

मी बारा वर्षांची. रात्री बॅटरी घेऊन गेले,
फुलांना होतं काय ते बघायला.
एका फुलात किडा, तिळाहून थोडा मोठा.
आत गेला, फिरला, बाहेर आला.
कोरडाच.

कॉलेजात कळलं,
मादीच्या फुलात त्याच्यासाठी काहीच नसतं.
असतो फक्त वास, नराच्या फुलाचा हुबेहूब.
नराकडे पोटभर खाऊन उठलेला तो
अंगभर पिवळी धूळ घेऊन
अंधारात चुकीच्या घरात शिरतो,
इकडेतिकडे चाचपतो, पाय झटकतो, निघतो.
त्या झटकण्यात
बी, बीवरची लाल जाळी, काकांची चोपडी,
चवथीच्या पुरणातली चिमूट.

बाबल कुठल्याच कॉलेजात गेला नव्हता.
कुणाला न विचारता
ओहोळापलीकडून, कायतानच्या भाटातून,
नराची एक फांदी आणली ओल्या गोणपाटात
आणि कडेच्या जायफळाला खाच पाडून
केळीच्या सोपानं बांधून टाकली.

चार वर्षं काका तिच्याकडे बघायचे नाहीत.
मग एका सकाळी खाली सडा कमी दिसला.

आता त्या एकाच झाडावर
एक फांदी घोसानं फुलते आणि फळत नाही,
बाकीच्या फळतात. जोडावर बोट फिरवलं
तर गाठ लागते, जुन्या हाडासारखी.

"मग हे झाड आता बाई की बाप्या?"
काकांनी शेवटी विचारलंच.
बाबल वाकून जायफळं वेचत होता.
मान वर न करता म्हणाला,
"तें किड्याक विचारात."