चढ, दुसऱ्यांदा

पोर्तो. रीळ क्रमांक एकशे बारा.
डब्यावर पेन्सिलीनं एवढंच : बायका, ओझी, सकाळ.

नदीच्या धक्क्यावरून वर शहराकडे
दगडी चढ, इतका उभा की
गाढवं तिथं अडून बसायची,
म्हणून बायका.
पाठीवर कार्केझाच्या वाळक्या झुडपांचा भारा
माणूस झाकेल एवढा,
शहराला भूक लागायच्या आत
भट्ट्या पेटायला हव्यात.

पडद्यावर त्या तुरुतुरु पळतात.
गेल्या महिन्यात शाळेची पोरं आली होती, खो खो हसली.
चूक बायकांची नाही. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवायचे,
सेकंदाला सोळा चित्रं,
आमचं यंत्र चोवीस ओढतं.
मी वेग उतरवला.
वजन परत आलं.

मग पाटी येते : ओझ्याखालीही हसतमुख.
आणि रांगेतली तिसरी बाई दात दाखवते.

झुल्मिरा, वय ब्याऐंशी, पाव विकण्यात जन्म गेला,
पुढच्या खुर्चीत पर्स मांडीवर धरून बसलेली,
म्हणाली, हसत नाहीये ती.
आई माझी. देओलिंदा.
धाप लागली की ओठ असे मागे जायचे तिचे,
शेवटच्या दिवशीही.

आणि हा दुसरा चढ आहे, बरं का.
पहिल्यांदा चढली तेव्हा त्या टोपीवाल्या साहेबानं
भिंगावरचं झाकण काढलंच नव्हतं.
वर पोचल्यावर म्हणाला, बाई, पुन्हा एकदा.
भारा घेऊनच उतरली.
गुडघा गेला तो उतरताना, चढताना नव्हे.
पहिल्या खेपेचे पैसे भट्टीवाल्यानं दिले.
दुसरीचे कुणी, हे आई म्हातारपणीही विचारायची,
रागानं नाही,
उधारी लक्षात ठेवावी तसं.

मी गप्प.
रिळाच्या तोंडाला चाळीस सेकंद नुसतं काळं आहे.
नोंदवहीत माझ्याच अक्षरात :
खराब. कापून टाकावे.
कात्री टेबलावरच होती.

ओळ खोडली. वर लिहिलं :
देओलिंदा. पहिला चढ.

दिवे मालवले, रीळ मागे फिरवून
अगदी सुरुवातीपासून लावलं.
काळ्यावर पांढरे ओरखडे पडत राहिले,
बारीक, काटक्यांसारखे.
झुल्मिरानं पर्स खाली ठेवली.
तिसाव्या सेकंदाला पुटपुटली,
आता वळण.