ओत

सांगली सपाट आहे असं पाहुणे म्हणतात.
माझ्या तळपायांना विचारा.
सव्वीस वर्षं मी लेव्हलची पट्टी धरून उभा आहे.
दुर्बिणीमागचे साहेब बदलत गेले,
त्या सगळ्यांना मी उलटा दिसलो,
डोकं खाली, पाय आभाळात.
नव्या दुर्बिणीत माणूस सरळ दिसतो म्हणे.

आज कुरणे मॅडम. नवा आराखडा.
गुंठेवारीची शेवटची गल्ली, तिच्याही मागं
नकाशावर एक हिरवा तुकडा : खेळाचं मैदान.
जागेवर पाणकणीस, बेशरमीची झुडपं,
टाकून गेलेला चार डंपर मुरूम
आणि डोक्यावर घिरट्या घालत भांडणारी टिटवी.

‘तवनाप्पा मामा, अजून दोन पावलं मागं.’
पाय उचलला आणि तसाच धरला.
मुरमाच्या ढिगावर चार अंडी,
मुरमाच्याच रंगाची.

शेवटच्या घरातनं जैतुनबी बघत होती.
म्हणाली, ‘औंदा वर चढली व्हय ही?
दरसाली खाली घालायची, ओताच्या कडंला.’
कुठला ओत? मॅडमनी नकाशा उलगडला.
‘ह्योच की. तुम्ही उभ्या हाय त्यो.
बेडकं अशी वरडायची,
माझ्या लग्नात काजीला दोनदा विचारावं लागलं
कबूल म्हटलं का न्हाई.’

तिच्या भिंतीवर पंख्याच्या खाली वीतभर
पुराची रेघ आहे.
तीनदा रंग दिला. रेघ वर येते.

नदीची चौकशी अख्खं गाव करतं :
आयर्विनला किती फूट?
ओताला कुणी विचारत नाही.
आणि पाणी तर पुढच्या दारानं येतच नाही कधी,
येतं मागनं, ओळखीच्या वाटेनं,
ही वाट आपलीच आहे अशा समजुतीनं.

पट्टी आधी अंड्यांशेजारी धरली,
मग जैतुनबीच्या उंबऱ्यावर.
आकडा कमी तिथं जमीन उंच,
आमच्या धंद्याचं हे उलटं गणित.
मॅडमनी वजाबाकी दोनदा केली.
दीड फूट.
टिटवी दीड फूट वर,
उंबरा दीड फूट खाली.

फॉर्मवर रस्ता होता, गटार होतं, विजेचा खांब होता.
ओताला रकाना नव्हता.
मॅडमनी समासात पेन्सिलीनं लिहिलं, ‘ओत’,
आणि पुसलं जाईल म्हणून
त्यावरनं पेन फिरवलं.
समासातलं कोण वाचतं, मला माहीत आहे.
मी काही बोललो नाही.

तेवढ्यात पाचवा डंपर आला.
रिव्हर्सचं गाणं वाजवत
ढिगाकडं मागं मागं सरकायला लागला.
मी गेलो आणि मधे पट्टी उभी केली,
सरळ, ओळंब्यात, जशी शिकलोय तशी.
‘बाजूला व्हा की ओ!’
म्हटलं, थांब बाबा, रीडिंग चालू आहे.

दुर्बीण केव्हाच पेटीत गेली होती.