मनगटापर्यंत

मला कुणी ओळखत नाही.
माझे हात एक कोटी लोकांनी पाहिलेत.

रीगा, नदीपलीकडे, जुना रेडिओ-कारखाना,
तिसरा मजला. लिफ्ट बंद, जिना गारठलेला.
आत एक टेबल, वरून सरळ खाली बघणारा कॅमेरा,
पाठीमागे गुलाबी, पोपटी, निळे कागद.
सकाळी नऊला गुंटिस
माझ्या अंगठ्यावरचा व्रण पावडरने बुजवतो
(डबा उघडताना कापलं होतं, कधीचंच),
नखांना रंग देतो, आणि म्हणतो,
ये, मनगटापर्यंत ये.

मी मनगटापर्यंत येते.

आज सात उरकायचेत.
फुटक्या बेसिनला कोरड्या नूडल्सची डागडुजी.
टूथपेस्टने पुसला जाणारा ओरखडा.
केळ्याच्या सालीने चमकणारी चांदी.
मग सुटलेल्या तळाचा बूट: गरम गोंद, दाब,
पाच सेकंद, सोड. कट.
कट झाल्यावर दुसरा बूट येतो,
कालच आणलेला, नवाकोरा,
कडेला गोंदाचा एक ठिपका
खरा वाटावा म्हणून.

हातचलाखी म्हणावी तर तीही नाही,
जादूगाराला निदान सराव लागतो.
माझं हातावर पोट आहे.
म्हणजे अगदी हातावरच.
बाकीच्या बाईला पगार नाही.

आई याच मजल्यावर एकोणीस वर्षं.
खिडकीकडून चौथी ओळ,
रेडिओच्या पोटात डाख देणाऱ्या बायकांत.
ती सांगते, डाख देताना श्वास सोडायचा नसतो.
पहिला महिनाभर तिचं एकही काम पुढे गेलं नाही,
मुकादमीण भिंगातून बघायची, उचकटायची,
न बोलता परत ठेवायची.
तिथलाच एक रेडिओ अजून आमच्या स्वयंपाकघरात
बटाट्यांच्या टोपलीशेजारी हवामान सांगतो.
जरा खरखरतो. आईसुद्धा.

तुझ्याच हॉलमध्ये काम लागलं, म्हटलं तिला.
तिने विचारलं, काय बनवता?
मी उत्तर शोधलं. चाळीस सेकंद शोधलं,
तेवढ्यात एक अख्खा व्हिडिओ होतो.

मंगळवारी बहिणीचा योरेन्स आला,
नऊ वर्षांचा, चिखलबर्फातून, फतक फतक,
बुटाचा तळ मगरीच्या जबड्यासारखा उघडा,
मोजा भिजून काळा.
अगदी तसंच केलं होतं मी, तो म्हणाला,
आणि पुरावा म्हणून फोन टेबलावर ठेवला.
दाब, पाच सेकंद, सोड.
तिला कसं जमतं मग?

मी किटलीकडे वळले.

आईने फोन डोळ्यांजवळ नेला, लांब धरला,
पुन्हा जवळ. म्हणाली, ही आपली लास्मा.
छे, मावशीच्या अंगठ्यावर व्रण आहे!
अंगठा नको बघूस. करंगळी बघ.
कशी उचललीय, गरम तारेला लागू नये अशी.
तिने आयुष्यात डाख दिला नाही
आणि करंगळी माझी धरते.

कुणी काही बोललं नाही.
रेडिओ म्हणाला, खाडीवर वारा, पहाटे उणे सहा.

मग आरी शोधली, ती सापडायलाच तास गेला.
दोऱ्याला मेण लावलं. सुईत ओवायला योरेन्सचे डोळे,
टाका कुठे घालायचा ते आईचं बोट,
ढकलायला मी.
दोनदा उसवलं. तिसऱ्यांदा आरी सटकली.
रात्री साडेअकराला एक बूट झाला,
वाकडा, टाके एकेक मोजता येतील असा,
आणि दुसराही सुटायला आलाय
हे तेव्हा दिसलं.

बुधवारी गुंटिसने माझा हात दिव्याखाली धरला.
हे नवीन काय?
त्याने पावडर घेतली. जास्त लागली.
आज आठ आहेत, म्हणाला.
ये.