जंगम

लोकअदालतीच्या दिवशी टेबलावर पेन मीच ठेवलं होतं,
दोऱ्याने बांधून, कुणी नेऊ नये म्हणून.
मागे फलक : ना कुणाची हार, ना कुणाची जीत.
आधी निजामपूरकरांनी सही केली, मग पुष्पाबाई छाजेडांनी,
दोरा ताणून.
सात लाख चाळीस हजार, दहा हप्ते.
तांब्याच्या पत्र्याची उधारी,
नवरा गेल्यावर बाईंनी वह्या उघडल्या तेव्हा सापडलेली.
कोर्ट फी परत मिळणार, म्हणून बाईंनी पेढे आणले.
निजामपूरकरांनीही घेतला, अर्धा मला दिला.
साहेब म्हणाले, या निवाड्याला अपील नाही.
आम्ही सगळे हसलो,
चांगली बातमी असावी तसे.

तीन हप्ते आले.
चौथ्याच्या जागी दरखास्त आली
आणि तिच्या मागोमाग मी.

तांबट लेनमध्ये पंच शोधत फिरलो.
एकाचं दुकान बंद होतं, आत माणूस होता.
एकाचा गुडघा दुखत होता, पंचनाम्यापुरता.
पुढे दवंडीला डफवाला आणला, व्हाउचरवर.
आळीतले हातोडे एकेक करून थांबले.
ते थांबल्यावर डफ
अगदीच पोरकट वाजला.

कलम साठ मला पाठ आहे :
अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण,
बाईचं मंगळसूत्र, कारागिराची हत्यारं
जप्त करायची नाहीत.
म्हणून हातोडे सोडले, सव्वीस मोजून.
सांडशा सोडल्या, कातऱ्या, भाता.
राहिली ऐरण.
दीड हात खाली, बाभळीच्या ओंडक्यात रोवलेली,
कुणी रोवली ते त्यांनाही ठाऊक नाही.
हत्यार म्हणावं तर हलत नाही.
जमीन म्हणावी तर
तिच्यावर सकाळीच एका घागरीचा बुडखा मठारलेला.
मी रकाना कोरा ठेवला. शेरा मारला :
जंगम की स्थावर, हुकमासाठी सादर.

दोन तारखांना कुणी बोली लावली नाही.
आळी हात मागे बांधून उभी.
तिसऱ्या वेळी इंदिरानगरचा एक जण आला,
मोबाइलची कव्हरं विकणारा. त्याचं काय चुकलं?
पाव रक्कम जागेवर, बाकी पंधरा दिवसांत.
पुष्पाबाई भिंतीशी बसून होत्या.
म्हणाल्या, यातलं निम्मं माझ्याच देण्यात जाईल हो.

ऋणकोला तीस दिवस असतात.
सगळी रक्कम भरा, वर खरेदीदाराला पाच टक्के,
विक्री रद्द.
एकोणतिसाव्या दिवशी निजामपूरकर नाझरांच्या खिडकीशी आले,
काखेत पिशवी.
मी हातातलं टपाल खाली ठेवलं.
खरं सांगतो, इतक्या वर्षांत पहिल्यांदा
मला पावतीपुस्तक शोधायची घाई झाली.
त्यांनी चष्मा पुसला आणि विचारलं,
ऐरणीचं काय ठरलं?

हुकूम झाला होता. जंगम.
ऋणकोने स्वखर्चाने काढून न्यावी.

ताब्याच्या दिवशी तीन माणसं, दोन पहारी.
दुपारपर्यंत ती जरा कलली.
निघाली तेव्हा खड्ड्यातून ओला वास आला,
गंगेला पाणी सुटल्यावर घाटाला येतो तसा.
खरेदीदार सिमेंटचा हिशेब करू लागला.
मी कुलूप लावलं, सील केलं, सह्या घेतल्या.
या वेळी पेन माझंच होतं.

हातगाडीवाल्याने दोर आवळून विचारलं,
कुठं न्यायची?
निजामपूरकरांनी माझ्याकडे पाहिलं.
मी वॉरंट उघडून पुन्हा वाचलं.
त्यात पत्ता एकच होता,
हाच.